टोल एकाचा, झीज दुसऱ्याची

आज अर्धा दिवस महामार्गावर गेला. टोलच्या रांगेत पुढे माल खचाखच भरलेला ट्रक, मागे आमची कार. पैसे दोघेही भरणार, पण रस्ता झिजवतं कोण?

१९५८ ते १९६० दरम्यान अमेरिकेत, इलिनॉयमधल्या ओटावाजवळ, खास चाचणीचे रस्ते बांधून त्यावर लष्कराच्या जवानांकडून ट्रक फिरवून घेतले होते. त्या आकड्यांतून निघालेला नियम असा, की एक्सलवरचा (म्हणजे चाकं जोडणाऱ्या दांड्यावरचा) भार दुप्पट झाला तर रस्त्याची झीज साधारण सोळापट होते. सोळापट! टोलचे दर मात्र क्वचितच या हिशेबाने ठरतात. उरलेलं बिल कारवाले भरतात, आणि महामार्गावर कधी न फिरकणारे करदातेसुद्धा. (अर्थात ट्रकमधला माल शेवटी आपल्याच घरी येतो, त्यामुळे फार चिडताही येत नाही.)

इंधनकराची गंमत वेगळीच. अमेरिकेने १९५६ च्या कायद्याने त्यातून महामार्गांचा स्वतंत्र निधी उभारला, आंतरराज्य मार्गांचा ९० टक्के खर्च केंद्राने उचलला. पण पेट्रोलवरचा केंद्रीय कर १९९३ पासून गॅलनला १८.४ सेंटवरच अडकलाय. खर्च वाढला, गाड्या कमी पितात, इलेक्ट्रिक गाड्या तर पेट्रोल पीतच नाहीत. २००८ पासून या निधीला सरकारी तिजोरीतून ठिगळं लावणं चालू आहे.

फीत कापायला सगळे हजर असतात, डागडुजीच्या निविदेसोबत कोण फोटो काढतं? माझं मत: उद्घाटनाच्या फलकावरच पुढच्या तीस वर्षांच्या देखभालीचा खर्च लिहायला लावा.