तुम्ही विचारलंत म्हणून: पोरीला हातवारे काहून शिकवले?

माझ्या कृषी केंद्रात बियाण्याचं पाकीट घ्यायला आलेला माणूस आधी भाव विचारतो, मग उधारीचं बोलतो, आणि निघता निघता हळूच म्हणतो, "भाऊ, पोट्टीले हातवारे काहून शिकवून रायले? बोलाची सवय मोडन ना तिची." सोयरे लग्नात विचारतात. एका डॉक्टरांनीही विचारलं. मी प्रत्येकाला वेगळं उत्तर दिलं, कारण दर वेळी एकतर घाईत होतो नाहीतर चिडलेलो. आमच्या पोरीला ऐकू येत नाही, आणि ती हातांच्या खुणांच्या भाषेत बोलते. ती का शिकवली, ते आता एकदाचं लिहून टाकतो.

बोलायला शिकवलंच नाही, असं कोणी म्हणू नये. ज्या शाळेत तिला आधी घातलं तिथे हात मांडीखाली दाबून बसवत. ही रीत त्या शाळेनं काढलेली नाही. १८८० साली इटलीत मिलान इथे बहिऱ्यांच्या शिक्षकांची परिषद भरली आणि मुलांना फक्त तोंडी बोलूनच शिकवायचं असं ठरलं. त्याबद्दल खेद व्यक्त व्हायला २०१० साल उजाडलं, तोही कॅनडात. तोवर आमच्या जिल्ह्यापर्यंत काय पोचायचं ते पोचलं होतं. तर त्या शाळेत ती 'आंबा' म्हणायला शिकली. अगदी कळेल असं म्हणायची, पण आंबा समोर धरला तरच. वस्तू दाखवायची, शब्द म्हणवून घ्यायचा: पाणी, चमचा, चेंडू, गाय. जे हातात धरता येत नाही ते अभ्यासात नव्हतं. काल नव्हता, परवा नव्हता, 'जर' तर नव्हताच.

आम्हाला ते खटकलं नाही. घरी भागत होतं. भूक लागली की पोटावर हात, पाणी हवं तर माठाकडे बोट. हिची आई म्हणायची, आपल्याले समजते ना, झालं तर.

मग आबा गेले.

आबा म्हणजे माझे वडील. पोरीची आणि त्यांची जोडी. सकाळी बंडीत बसून दोघं वावरात, संध्याकाळी त्यांच्या बाजेवर दोघं. सोयाबीनच्या सोंगणीत त्यांच्या छातीत दुखायला लागलं. फाट्यावरून काळीपिवळीत घालून वणीला नेलं, तिथून नागपूरला. मी सोबत होतो. ती फाट्यावर उभी राहून बघत होती. आबा नागपुरातच गेले. लहान लेकरानं पाहू नये म्हणून तिला तेरवीपर्यंत मावशीकडे ठेवलं.

परत आली तर भिंतीवर हार घातलेला फोटो आणि अंगणात रिकामी बाज. ती बाजेकडे बोट दाखवायची. आम्हाला वाटायचं, तिथं झोपायचं म्हणते. झोपवलं की उठून पुन्हा तेच. मग माझा हात ओढत फाट्यावर न्यायची आणि येणाऱ्या प्रत्येक काळीपिवळीत डोकावायची. ड्रायव्हर तिला बिस्किट द्यायचे.

आता सांगा, मी काय करायचं होतं? फोटोकडे बोट केलं, तिनंही केलं. फोटो कोणाचा हे तिला ठाऊकच होतं. मी डोळे मिटून मान कलती केली. तिनं मला बाजेपाशी आणलं: झोपले असतील तर इथं असते ना. वर आभाळाकडे हात केला. तिनं वर पाहिलं, मग माझ्याकडे. मसणवटीत नेऊन राख दाखवायची का? तेही मनात आलं होतं. राख दाखवली असती तर राख दिसली असती. 'आबा आता कधीच येणार नाहीत' हे दाखवायला जगात कुठली वस्तू आहे?

पुढे मी माल आणायला काळीपिवळीत चढलो की ती माझे पाय धरून किंचाळायची. एकदा तर ड्रायव्हरच्या हाताला चावली. फाट्यावरचे लोक म्हणाले, लाडानं बिघडली. आम्हीही तेच म्हणालो.

त्यानंतर तिला नागपूरला, जिथं मोठ्या मुली हातांनी बोलतात अशा शाळेत ठेवलं. गावानं याला 'पोट्टी टाकून देली' म्हटलं. आम्ही दोघं इकडे मोबाईलवर शिकत होतो. दिल्लीत भारतीय सांकेतिक भाषेची सरकारी संस्था २०१५ साली निघाली, तिचा ३,००० शब्दांचा पहिला कोश २०१८ मध्ये आला. त्याचे व्हिडिओ लावून रात्री दुकानाचा हिशेब झाल्यावर आम्ही बोटं वाकडी करायचो.

एका दिवाळीत ती घरी आली आणि जेवताना सांगायला लागली. या भाषेत समोर नसलेल्या माणसाची खूण करून त्याला हवेत एक जागा देतात. मग त्या रिकाम्या जागेकडे बोट केलं की तो माणूस. तिनं आबांना आपल्या उजवीकडे ठेवलं. मग गाडी. मग मला. तू त्यांना गाडीत बसवलंस. एकटा परत आलास. मग तूही त्याच गाडीत बसायला लागलास.

माझा घास तसाच राहिला. मी घोकून ठेवलेलं सांगायला लागलो, अडखळत: आबा, आजार, मरण. तिनं मला थांबवलं. माहीत आहे. शाळेतल्या ताईनं कधीच सांगितलं.

आधी मी सगळ्यांना सांगायचो, भाषा नव्हती म्हणून तिला फक्त समोरचंच कळायचं. चार्ल्स हॉकेट या अमेरिकन भाषाशास्त्रज्ञानं १९६० साली भाषेची तेरा लक्षणं दिली, त्यात इथं नसलेल्या आणि आत्ता नसलेल्या गोष्टींबद्दल बोलता येणं हे एक. हे वाचल्यावर माझा हेका आणखी वाढला. मग १९९१ सालचा एक अभ्यास वाचनात आला, सुझन गोल्डिन-मेडो आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा. ज्याला कोणी खुणांची भाषा शिकवलीच नव्हती असं अमेरिकेतलं एक बहिरं पोर, समोर नसलेल्या गोष्टींबद्दलही बोट दाखवून सांगत होतं. म्हणजे बाजेकडचं तिचं बोट बाजेसाठी नव्हतंच. मग गिऱ्हाईक म्हणेल, तिले आधीच जमत होतं तर शाळा काहून? तर विचारणं तिला जमत होतं. उत्तर आमच्याकडे नव्हतं. निदान मला असं वाटतं. हिची आई म्हणते, तुम्ही आता सोयीचं लावून घेता.

सुमात्राच्या जंगलात २०१८ च्या एका अभ्यासात वाघाच्या पट्ट्यांची चादर पांघरून माणसं रांगत ओरांगउटान माद्यांसमोरून गेली. पिल्लावाल्या माद्या गप्प राहिल्या आणि 'वाघ' दिसेनासा झाल्यावर ओरडल्या, कधी वीस मिनिटांपर्यंत थांबून. वाघाचा मुलूख आमचाही आहे, म्हणून ते लक्षात राहिलं. गेलेल्या वाघाबद्दल वानरी आपल्या पिल्लाला वीस मिनिटांनी का होईना काही सांगते, हे वाचून मी मोबाईल बंद केला होता.

आणि हो, वणीच्या बाजारात ती मोठ्यानं हात हलवायला लागली, लोक वळून पाहायला लागले, की मी अजूनही तिचा हात धरतो. हात धरणं म्हणजे तिचं तोंड दाबणं हे मला कळतं. तरी धरतो.

बोलायची सवय मोडली का? होते तेवढे शब्द आहेत. नवीन फार नाहीत. गेल्या सुट्टीत मात्र तिनं धावण्यात पहिला नंबर आल्याचं सांगितलं. वॉर्डनला फोन केला तर स्पर्धाच झालेली नव्हती. हिची आई रागावली. मी दुकानात येईल त्याला ते कौतुकानं सांगत सुटलो.

राहिला ऑपरेशन करून कानात बसवायच्या यंत्राचा, म्हणजे कॉक्लिअर इम्प्लांटचा प्रश्न. सरकारी योजनेत पाच वर्षांची अट होती, आमचे कागद जमेपर्यंत वय निघून गेलं. विकत करायला हवं होतं की नाही, यावर घरात दोन मतं आहेत आणि पोरीचं तिसरं. ते तिलाच विचारा. दिवाळीत या, ती घरी असते. ती काय म्हणते ते मी बाजूला बसून सांगत जाईन, जेवढं मला समजेल तेवढं.