अठ्ठ्याऐंशी नंबरची शाळा

रविवार, रात्रीचे साडेदहा. बाहेर उणे एकोणीस.

सकाळी शेजारचे आजोबा बर्फ काढायचं यंत्र घेऊन आले आणि न सांगता आमच्याही दारापुढचा रस्ता मोकळा करून गेले. मी चहाला आत बोलावलं. आल्याचा चहा आवडतो त्यांना, साखर मात्र अजिबात नको. दारात पाय आपटून बूट झाडले आणि लेकीला नेहमीचा प्रश्न टाकला, "काय गं, काय म्हणते अठ्ठ्याऐंशी नंबरची शाळा?"

तिच्या शाळेचं नाव जस्टिस पेज मिडल स्कूल. अमेरिकेतल्या मिनेसोटा राज्यात, दक्षिण मिनियापोलिसमधली. आधी तिला अलेक्झांडर रॅम्सीचं नाव होतं. हा इथला जुना गव्हर्नर. १८६२ मध्ये डकोटा या इथल्या मूळ रहिवासी लोकांना संपवा नाहीतर राज्याबाहेर हाकला, असं उघड बोलला होता. शाळेतल्या मुलांनीच नाव बदलायचा हट्ट धरला आणि २०१७ मध्ये नवं नाव आलं. प्रवेश घेताना मला वाटलं, कुणी न्यायमूर्ती असतील. होतेही. ॲलन पेज, १९९३ ते २०१५ मिनेसोटाच्या सुप्रीम कोर्टात, तिथले पहिले कृष्णवर्णीय न्यायमूर्ती. अठ्ठ्याऐंशीचं प्रकरण मात्र आजोबांनी समजावलं.

तो जर्सीचा नंबर. न्यायमूर्ती होण्याआधी पेज अमेरिकन फुटबॉल खेळायचा: संघ मिनेसोटा व्हायकिंग्ज, जागा डिफेन्सिव्ह टॅकल. हा खेळ मला अजून धड कळत नाही, पण या जागेचं काम कळलंय: समोर धिप्पाड माणसांची भिंत, तिच्यातून घुसायचं आणि मागे चेंडू फेकायच्या बेतात असलेल्याला आडवं करायचं. सगळा खेळ दोन-तीन सेकंदांचा. पेज, कार्ल एलर, जिम मार्शल आणि गॅरी लार्सन या चौकडीला 'पर्पल पीपल ईटर्स' म्हणायचे. जांभळे नरभक्षक! १९७१ मध्ये पेज लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. बचावातल्या माणसाला हा मान तोवर कधी मिळाला नव्हता. नंतरही एकदाच, १९८६ मध्ये लॉरेन्स टेलरला.

आजोबा तेव्हा शाळकरी. ब्लूमिंग्टनच्या उघड्या स्टेडियममध्ये वडिलांबरोबर घोंगडी पांघरून बसायचे. प्रशिक्षक बड ग्रँट स्वतःच्या खेळाडूंना मैदानाकडेला हीटर लावू द्यायचे नाहीत. पाहुणा संघ शेगडीपाशी घोळका करायचा आणि हे जांभळे नुसतेच उभे. हे सांगताना आजोबांनी चहाचा कप दोन्ही हातांत असा धरला होता, की जणू अजून तिथेच बसलेत. त्या जागेवर आता मॉल ऑफ अमेरिका आहे. गेल्या महिन्यात आम्ही तिथेच लेकीचे बूट घेतले.

त्यांची एक तक्रार कायमची. समोरच्या फेकणाऱ्याला चेंडूसकट पाडलं की त्याला 'सॅक' म्हणतात, आणि त्याची अधिकृत नोंद ठेवायला लीगने १९८२ मध्ये सुरुवात केली. पेज निवृत्त झाला १९८१ चा हंगाम संपवून. पंधरा हंगाम, २१८ सामने, एकही चुकवला नाही. आणि अधिकृत सॅक शून्य! "कारकुनांचं राज्य," आजोबा म्हणाले. मी काही बोलले नाही. माझे बाबा जिल्हा कोर्टात कारकून होते.

मला स्वतःला १९७८ हे साल सोडवत नाही. त्याआधी पेजने एका लॉ कॉलेजात नाव घातलं होतं आणि तीन आठवड्यांत सोडलं होतं. मग पुन्हा, या वेळी मिनेसोटा विद्यापीठात, खेळता खेळताच. १९७८ मध्ये पदवी हातात आली. दरम्यान बायको, डायन, पळायला लागली होती, तिच्याबरोबर हाही पळू लागला. लांब पल्ल्याचं पळून वजन शंभर किलोच्या आसपास आलं. भिंत फोडणाऱ्याला एवढ्या वजनाने कसं चालेल? त्याच वर्षी हंगाम चालू असतानाच व्हायकिंग्जने त्याला काढलं आणि शिकागो बेअर्स या दुसऱ्या संघाने उचललं. किंमत शंभर डॉलर. हो, शंभर, सोडून दिलेला खेळाडू घ्यायची तेवढीच ठरलेली फी. तिथे तो आणखी तीन वर्षं खेळला. १९७९ मध्ये मॅरेथॉनही पुरी केली.

पदवी आणि हकालपट्टी एकाच वर्षी. मला नोकरीवरून कमी केलं त्या वर्षी माझ्या हातात फक्त व्हिसाची मुदत होती. तुलना नाही, पण आठवलंच.

पेज ओहायोतल्या कँटनचा. फुटबॉलचं हॉल ऑफ फेम, म्हणजे थोर खेळाडूंचं सन्मान-दालन, त्याच गावात आहे आणि ते बांधलं जात होतं तेव्हा शाळकरी पेज तिथे मजुरी करायचा. १९८८ मध्ये त्याच इमारतीत त्याला मानाने घेतलं. गौरवाला त्याने कुणा प्रशिक्षकाला नाही, मिनियापोलिसमधल्या एका शाळेच्या मुख्याध्यापिकेला बोलावलं, आणि भाषणात बोलला तो शिक्षणावर. संघाच्या बैठकीत प्लेबुक, म्हणजे डावपेचांची वही, मोठ्याने वाचायची पाळी आली तेव्हा काही सहकाऱ्यांना ते वाचताच येत नव्हतं, ही गोष्ट तो सांगत आलाय. कॉलेजातून आलेली माणसं ही! खेळतायत म्हणून प्रत्येक शिक्षकाने पुढे ढकललेली. त्याच वर्षी नवरा-बायकोने शिष्यवृत्तीसाठी पेज एज्युकेशन फाउंडेशन काढलं.

कोर्टात जायलाही त्याला कोर्टातच जावं लागलं. इथे न्यायाधीश निवडून येतात (बाबांना फोनवर हे सांगितलं तेव्हा ते बराच वेळ गप्प होते). १९९२ मध्ये गव्हर्नरने एका न्यायमूर्तींची मुदत वाढवली, म्हणजे त्या जागेची निवडणूक टळली. पेजने दावा लावला, जिंकला, मग निवडणूकही जिंकली. इतके पहिलवान आडवे केलेल्या माणसाला हे किरकोळ वाटलं असेल का, की उलट?

लेकीला यातलं काही नको होतं. तिला पेजचं बोट माहीत आहे. खेळताना त्याची करंगळी इतक्यांदा निखळली, की ती आता हातापासून काटकोनात बाहेर वळलेली असते. त्यावर त्याने स्वतःच्या मुलीबरोबर लहान मुलांसाठी पुस्तकही लिहिलं. वर्गात सगळे ते करून बघतात म्हणे. तिने दुधाचा पेला उचलला आणि करंगळी ताणून बाहेर काढून दाखवली.

आजोबांनी चष्मा वर सरकवून बघितलं. "छे, अजून बाहेर," म्हणाले, आणि हातमोजा काढून स्वतःचीच करंगळी धरून ओढायला लागले.