थ्रीडीएसवरचे गाव नव्या यंत्रावर हलवताना

२०२२च्या मे महिन्यात, नवतपा तोंडावर आलेला असताना, आमच्या नागपूरच्या घरातले जुने निन्टेन्डो थ्रीडीएस, म्हणजे हातात धरून गेम खेळायचे दोन पडद्यांचे यंत्र, पुतणीच्या हातून जेवणाच्या टेबलावरून खाली पडले. यंत्र बंद पडले नाही, परंतु वरचा पडदा मधूनच काळा होऊ लागला आणि झाकण एका ठरावीक कोनात धरले तरच चित्र स्थिर राहू लागले. त्यावरचे बहुतेक गेम कार्ट्रिजवर असल्यामुळे त्यांची फारशी चिंता नव्हती, कारण कार्ट्रिजमधल्या गेमचे सेव्ह, म्हणजे खेळातली साठवलेली प्रगती, त्या कार्ट्रिजमध्येच राहते आणि कार्ट्रिज काढून दुसऱ्या यंत्रात घातली की काम होते. खरी अडचण होती ती डाउनलोड करून घेतलेल्या गेमची, आणि त्यातही 'अ‍ॅनिमल क्रॉसिंग : न्यू लीफ'ची. २०१३ साली पुतणी सात वर्षांची असताना तिने त्यात एक गाव वसवले होते. त्या गावाची महापौर ती, आणि नदीकाठच्या एका घराचा रहिवासी मी. गावाचे स्थानिक फळ संत्रे निघाले होते, यावरून आमच्या घरी त्या काळी बराच आनंदीआनंद झाला होता.

"काका, घर गेलं तरी चालेल, पण झाडं राहतील ना?" असे तिने त्या रात्री विचारले. मी "राहतील" असे उत्तर दिले खरे. परंतु कशी राहतील, हे मला तेव्हा ठाऊक नव्हते.

घाई करण्यास आणखी एक कारण होते. थ्रीडीएसचे ऑनलाइन दुकान मार्च २०२३च्या अखेरीस बंद होणार असल्याचे निन्टेन्डोने फेब्रुवारीतच जाहीर केले होते, आणि २३ मेपासून त्या दुकानात क्रेडिट कार्डाने पैसे भरण्याची सोयही थांबणार होती. आधी विकत घेतलेले गेम त्यानंतरही पुन्हा उतरवता येतील, असे कंपनीने सांगितले होते. पण गेम पुन्हा उतरवता येतो, त्यातली नऊ वर्षे पुन्हा उतरवता येत नाहीत. म्हणून जुने यंत्र जिवंत आहे तोवरच हे काम उरकायचे, असे मी ठरवले.

बदली यंत्र म्हणून न्यू थ्रीडीएस एक्सएल घ्यायचे होते आणि ते वापरलेलेच मिळणार होते. बर्डीच्या मुख्य रस्त्यामागील एका गल्लीतल्या विक्रेत्याकडे दोन यंत्रे निघाली. त्यांतले जपानी यंत्र अधिक स्वच्छ आणि स्वस्तही होते. "भाऊ, हेच घ्या, गेम तर सगळ्यांवर सारखीच चालते," असा त्याचा आग्रह होता. तो मानला असता तर पुढचे सगळेच मुसळ केरात गेले असते. थ्रीडीएसला प्रदेशाचे कुलूप असते, आणि एका प्रदेशाच्या यंत्रावरून दुसऱ्या प्रदेशाच्या यंत्रावर स्थलांतर होत नाही. आमचे यंत्र मामेभावाने न्यू जर्सीहून आणलेले, म्हणजे अमेरिकन. म्हणून मी दुसरे यंत्र उलटे करून मागचे लेबल वाचले. त्यावर आरईडी-००१ आणि पुढे कंसात यूएसए असे छापलेले होते. एवढ्यावर समाधान न मानता ते चालू करून सेटिंग्जच्या पडद्यावर खालच्या कोपऱ्यातला आवृत्ती क्रमांकही पाहिला. त्याच्या शेवटी यू हे अक्षर असेल तर यंत्र अमेरिकन, ई असेल तर युरोपीय आणि जे असेल तर जपानी. लेबल बदललेले असू शकते, हे अक्षर सहसा खोटे बोलत नाही.

घरी आल्यावर पहिला खर्च पेचकसाचा निघाला. जुन्या थ्रीडीएसमध्ये एसडी कार्ड बाजूच्या खाचेतून सहज निघते. न्यू थ्रीडीएस एक्सएलमध्ये मात्र मायक्रोएसडी कार्ड मागच्या झाकणाखाली असते, आणि ते झाकण दोन बारीक फिलिप्स स्क्रूंनी धरलेले असते. घरातला पेचकस त्या खाचांत शिरेना आणि चष्म्याचा पेचकस चपट्या टोकाचा निघाला. शेवटी इतवारीतून घड्याळ दुरुस्तीच्या पेचकसांचा लहान संच आणला. ते स्क्रू पूर्ण निघून येत नाहीत, सैल होऊन झाकणातच राहतात, हे माहीत नसल्यामुळे मी बराच वेळ फिरवतच राहिलो. शेवटी झाकणाच्या कडेला नख घालून ते उचकटले, तेव्हा असा काही आवाज झाला की पुतणीने डोळेच मिटून घेतले.

त्यानंतर जे केले, ते जुन्या सवयीच्या जोरावर केले. पूर्वी माझ्याकडे सोनीचे पीएसपी हे असेच हातात धरून खेळायचे यंत्र होते. त्यात मेमरी स्टिकवर सेव्हडेटा नावाचा एक सरळ फोल्डर असे आणि त्यात प्रत्येक गेमचा वेगळा फोल्डर. एका पीएसपीवरून दुसऱ्यावर जाताना मी तो फोल्डर संगणकावर उतरवून दुसऱ्या स्टिकवर टाकला होता आणि गेम जिथे सोडला होता तिथून सुरू झाला होता. तोच प्रयोग इथे केला. जुन्या कार्डावरचा 'निन्टेन्डो थ्रीडीएस' हा संपूर्ण फोल्डर नव्या ३२ जीबीच्या मायक्रोएसडी कार्डावर उतरवला, कार्ड बसवले आणि यंत्र चालू केले. पडद्यावर रिकाम्या चौकटींची रांग उमटली. एकही गेम नाही.

कार्ड पुन्हा संगणकाला लावून पाहिले तेव्हा उलगडा झाला. त्या फोल्डरच्या आत आता दोन उपफोल्डर होते, दोन्हींची नावे अक्षरे आणि अंक मिळून ३२ चिन्हांची, डोळ्यांना सारखीच वाटणारी आणि तरी वेगळी. एक जुन्या यंत्राचे. दुसरे नव्या यंत्राने चालू होताच स्वतःसाठी तयार केलेले. कार्डावरचा सगळा डेटा यंत्राच्या अंतर्गत मेमरीतल्या एका किल्लीने कुलूपबंद केलेला असतो, आणि फोल्डरचे ते लांबलचक नावही त्याच किल्लीवरून ठरते. नवे यंत्र आपल्या नावाचा फोल्डर शोधते, तो सापडला नाही तर नवा तयार करते आणि शेजारी पडलेल्या परक्या फोल्डरकडे ढुंकूनही पाहत नाही.

मी वकिलांच्या कार्यालयात दस्तऐवजांचे काम करतो, त्यामुळे हा प्रकार मला फार ओळखीचा वाटला. काटोलजवळची आमची बाग वडिलांच्या पश्चात आम्हा भावांकडे आली, तेव्हा जमीन तीच होती, झाडे तीच होती, विहीरही तीच होती. परंतु फेरफार मंजूर होऊन सातबाऱ्यावर आमची नावे चढेपर्यंत त्या जमिनीवर आम्हाला काहीही करता येत नव्हते. मी कार्डावर झाडे नेऊन ठेवली होती. फेरफार केलाच नव्हता.

तो फेरफार म्हणजे सिस्टम ट्रान्सफर. सेटिंग्जमध्ये 'अदर सेटिंग्ज'च्या आत हा पर्याय असतो. त्यात जुन्या यंत्राची ती किल्ली, खरेदीचे हक्क आणि नेटवर्क आयडी (निन्टेन्डोकडचे आपले खाते) नव्या यंत्राकडे जातात, आणि जुने यंत्र कोऱ्या अवस्थेत परत जाते. त्यासाठी दोन्ही यंत्रे शेजारी शेजारी, दोन्हींना इंटरनेट आणि दोन्हींवर अद्ययावत आवृत्ती असावी लागते. विक्रेत्याने "पूर्ण रिकामे करून दिले आहे" असे सांगितलेल्या यंत्रावर आधीच्या मालकाचा नेटवर्क आयडी तसाच निघाला. दोन्ही यंत्रांवर आयडी असतील तर स्थलांतर होत नाही, म्हणून ते आधी फॉरमॅट करावे लागले.

विजेचा प्रश्न त्याहून किचकट होता. न्यू थ्रीडीएस एक्सएल अमेरिकेत चार्जरशिवायच विकले जात असे, कारण त्याला जुनाच चार्जर चालतो. म्हणजे यंत्रे दोन आणि चार्जर एक. तोही १२० व्होल्टचा, आणि आपल्या घरात २३० व्होल्ट. मामेभावाने यंत्रासोबत एक विटेएवढा जड व्होल्टेज कन्व्हर्टर आणला होता, त्यावर जुने यंत्र लावले. नव्यासाठी बर्डीतूनच यूएसबीवर चालणारी चार्जिंगची वायर घेतली. स्थलांतर अर्ध्यावर असताना बॅटरी संपणे मला परवडणारे नव्हते.

२९ मे, रविवार, दुपारचे दोन. बाहेर रस्त्यावर चिटपाखरू नव्हते. आम्ही कूलरसमोर चटईवर दोन्ही यंत्रे उघडून बसलो. जुन्या यंत्रावर 'पाठवा' आणि नव्यावर 'स्वीकारा' असे निवडले. त्यानंतर सूचनांचे पडदे एकामागून एक येत राहिले: हे केल्यावर परत फिरता येणार नाही, जुन्या यंत्रावरचा मजकूर जाईल, त्याच यंत्रांवर पुढचे स्थलांतर आठवडाभर करता येणार नाही. प्रत्येक पडदा मी मोठ्याने वाचला आणि महापौरांची संमती घेऊनच पुढे गेलो. जुन्या यंत्राचे झाकण पुतणीने दोन्ही हातांनी त्या ठरावीक कोनात धरून ठेवले होते.

मध्येच डेटा कसा न्यायचा, असा प्रश्न येतो. सगळा डेटा बिनतारी नेता येतो. पण आमच्या कार्डावर नऊ जीबीच्या आसपास मजकूर होता आणि त्या वेगाने कित्येक तास लागले असते. म्हणून मी संगणकाच्या साहाय्याने नेण्याचा पर्याय निवडला. यात किल्ली आणि यंत्रातला मजकूर बिनतारी जातो, आणि कार्डावरचा फोल्डर आपण हाताने उतरवायचा. पडद्यावर पिक्मिन नावाचे इवले इवले जीव डोक्यावर ओझी घेऊन चालू लागले आणि वीसेक मिनिटे चालत राहिले. ते चालत होते तोवर आमच्यापैकी कोणीही पाणी प्यायलाही उठले नाही.

काम पूर्ण झाल्याचा संदेश आला. मी दोन्ही यंत्रे बंद केली आणि नव्या कार्डावरचा आधीचा गोंधळ पुसून जुना फोल्डर पुन्हा उतरवायला लावला. निम्म्याच्या पुढे गेला असेल नसेल, तोच वीज गेली. कूलर थांबला की नागपूरच्या घराला एक वेगळीच शांतता ऐकू येते. पंखे आणि राउटर इन्व्हर्टरवर चालू राहिले, पण संगणक इन्व्हर्टरवर नव्हता.

पुतणी रडायच्या बेतात होती. मीही क्षणभर घाबरलो, परंतु नीट विचार केल्यावर काही बिघडलेले नाही हे लक्षात आले. किल्ली आधीच नव्या यंत्रात पोहोचली होती आणि मूळ फोल्डर जुन्या कार्डावर जसाच्या तसा होता, कारण मी तो 'कट' केला नव्हता, 'कॉपी' केला होता. अशा कामात 'कट' हा शब्द वापरूच नये, असे माझे मत तेव्हापासून पक्के झाले आहे. पाऊण तासाने वीज आली. अर्धवट प्रत पुसून पहिल्यापासून सुरुवात केली, आणि संपल्यावर दोन्ही कार्डांवरच्या फोल्डरचे प्रॉपर्टीज उघडून फाइलींची संख्या आणि एकूण आकार ताडून पाहिले. दोन्ही आकडे जुळल्यावरच कार्ड बसवून स्क्रू आवळले.

इथे कार्डाविषयी एक गोष्ट सांगून ठेवतो. दुकानदार ६४ जीबीचे कार्ड देत होता आणि किमतीतला फरक किरकोळ होता. पण थ्रीडीएसला कार्ड फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेले लागते. ३२ जीबीच्या वरची कार्डे एक्सफॅट पद्धतीची येतात, आणि विंडोजच्या नेहमीच्या खिडकीतून ती तेव्हा फॅट३२ करता येत नसत, वेगळे सॉफ्टवेअर शोधावे लागे. ज्याला त्या भानगडीत पडायचे नसेल त्याने ३२ जीबीवर थांबावे.

यंत्र चालू झाले. या वेळी चौकटी रिकाम्या नव्हत्या. पुतणीने गावाच्या चित्रावर बोट नेले, पण मी तिला थांबवले. हा गेम यंत्राच्या घड्याळावर चालतो. दिवस, ऋतू, उगवलेले तण, गाव सोडून जाणारे रहिवासी, सगळे त्या घड्याळावरून ठरते. आणि फॉरमॅट केल्यानंतर तारीख-वेळेचा पडदा मी गडबडीत भरला होता. मोबाइलशी ताडून पाहिले तर वेळ चाळीस मिनिटे मागे होती. ती सारखी केली.

मग गाव उघडले. तण पुष्कळ माजले होते, कारण पडदा बिघडल्यापासून तिकडे कोणी फिरकले नव्हते. शेजाऱ्यांनी इतके दिवस कुठे होता म्हणून चौकशी केली. पुतणीने कोणालाही उत्तर न देता तडक नदीकाठच्या पहिल्या झाडाकडे धाव घेतली आणि ते गदागदा हलवले. तीन संत्री खाली पडली.