चहावाल्याचा कप

रविवार, रात्री उशिरा

इंग्लंडमधल्या वेस्ट ऑकलंड या छोट्या फुटबॉल क्लबचा विषय निघाला की कुणीतरी तो किस्सा सांगतंच. १९०९ मध्ये इटलीत तुरिनला स्पर्धा भरली, बोलवायचं होतं म्हणे वुलिच आर्सेनलला (म्हणजे आजचं आर्सेनल), पण 'डब्ल्यू. ए.' एवढी आद्याक्षरं बघून निमंत्रण गेलं डरहॅम परगण्यातल्या खाण कामगारांच्या क्लबला. आज परत वाचला आणि परत चिडचिड झाली. पुरावा काही नाही, पण लोकांना तो आवडतो. खेड्यातली पोरं इतक्या लांब पोचली म्हणजे कुणाचा तरी घोळ झाला असणार, हे गृहीतच!

घोळाने फार तर बोलावणं येईल. उपांत्य सामन्यात स्टुटगार्टच्या संघाला २-० आणि अंतिम सामन्यात विंटरथूरला २-० हरवलं, ते काय घोळाने? १९११ ला तर गतविजेते म्हणूनच गेले आणि युव्हेंटसला ६-१ धुतलं. तेही तुरिनमध्ये, म्हणजे युव्हेंटसच्या दारात. इंग्लंडच्या फुटबॉल असोसिएशनने या स्पर्धेपासून हात झटकले होते, हे विशेष. कप ठेवला होता सर थॉमस लिप्टन यांनी. हो, चहावाले तेच. दोनदा जिंकला म्हणून तो कायमचा वेस्ट ऑकलंडचा झाला.

कायमचा म्हणजे कसा, ते पुढे कळतं. या वारीच्या खर्चाने क्लबचं कंबरडं मोडलं. गावातल्या हॉटेलच्या मालकिणीकडून ४० पौंड उचलले आणि तारण म्हणून ठेवायला होतं काय, तर हा कप. तो तिच्या घरात राहिला थेट १९६० पर्यंत. तेव्हा क्लबने १०० पौंड मोजून सोडवला. मला या गोष्टीत सगळ्यात जास्त रस इथे वाटतो. मधल्या काळात दोन महायुद्धं झाली, बापाच्या जागी मुलगा खेळायला लागला असेल, आणि कप दुसऱ्याच्या घरात असूनही 'आमचा' तो 'आमचा'च. गहाण टाकलेल्या दागिन्याबद्दल घरातली बाई बोलते ना, अगदी तसं.

आणि एवढं करून १९९४ मध्ये तो चोरीलाच गेला! आता आहे ती प्रतिकृती. गावाला त्याने काही फरक पडलेला दिसत नाही.

अशा क्लबांबद्दल लिहिताना सगळे 'अस्मिता, अस्मिता' करतात. मला विचाराल तर ती अस्मिता बरीचशी हमालीच्या रूपात असते. शनिवारी सामना असेल तर सकाळी कुणीतरी गोलची जाळी बांधायची, पाऊस पडला असेल तर मैदान खेळण्याजोगं आहे का ते बघायचं, रेषा मारायच्या, गेटवर बसायचं आणि संध्याकाळी चिखलाने माखलेले सगळे शर्ट धुवायला घरी न्यायचे. यातलं एक जरी माणूस आजारी पडलं तरी सेक्रेटरीची धावपळ. गोल मारणारा पुढच्या मोसमात चार पैसे जास्त मिळाले तर शेजारच्या गावात जातो. शर्ट धुणारं माणूस कुठे जात नाही. कोळशाच्या खाणी केव्हाच बंद झाल्या, क्लब मात्र नॉर्दर्न लीगमध्ये खेळतोच आहे. ती लीग १८८९ ची.

लंडनच्या वेम्ब्ली स्टेडियमचं, जिथे हे मोठे अंतिम सामने होतात, मात्र त्यांना वावडं असावं. १९६१ ला अमॅच्युअर कपचा, म्हणजे हौशी क्लबांच्या स्पर्धेचा, अंतिम सामना हरले. २०१२ आणि २०१४ ला एफए व्हाज या छोट्या क्लबांच्या स्पर्धेत अंतिम सामन्यापर्यंत गेले, दोन्ही वेळा हार.

थोड्याच अंतरावर बिशप ऑकलंडचा क्लब आहे. त्यांनी अमॅच्युअर कप दहा वेळा जिंकला, त्यातला १९५५ ते १९५७ सलग तीनदा. १९५८ च्या म्युनिक विमान अपघातात मँचेस्टर युनायटेडचे बरेच खेळाडू दगावले, तेव्हा त्या क्लबच्या मदतीला बिशपचे तीन खेळाडू गेले. इतिहास कुणाचा भारी, हे आकड्यांवर ठरवायचं तर वादच नाही. पण शेजाऱ्यांनी युव्हेंटसचं नाव काढलं की बिशपवाले काय बोलत असतील, ते ऐकायला मला फार आवडेल.