आवाज बंद करून पाहिलेली डोलोरेस हार्ट

हरभऱ्याच्या जागलीला मोबाईलचा आवाज बंदच ठेवावा लागते, नाहीतर रानडुकरं कधी घुसले ते समजतच नाही. तसाच मचाणावर बसून ‘किंग क्रिओल’ पाहिला, १९५८चा, अमेरिकन गायक एल्विस प्रेस्लीचा. त्यात एल्विस एका दुकानात गिटार घेऊन गात फिरते, सगळे गिऱ्हाईक त्याच्याकडे पाहत राहतात अन् तेवढ्यात त्याच्यासोबतचे पोरं माल उचलतात. गाणं ऐकू येत नव्हतं म्हणून असेल, माझं लक्ष काउंटरवरच्या पोरीकडे गेलं. तिला सगळं समजलेलं आहे अन् ती बोलत नाही, नुसती पाहते. तो सीन मी तीनदा मागे घेऊन पाहिला.

ती डोलोरेस हार्ट. मंग जे सापडलं ते वाचत गेलो अन् एका गोष्टीपाशी अडकलोच. तिचे आजोबा शिकागोत थिएटरची मशीन चालवायचे, केबिनमध्ये डुलकी काढायचे, अन् त्यांची झोप मोडू नये म्हणून लहानगी डोलोरेस आवाजाशिवाय पिक्चर पाहायची, रीळ संपत आलं की त्यांना उठवायचं एवढं तिचं काम. डोळ्यांनी बोलणं ती तिथंच शिकली, मला तरी पक्कं वाटते.

करिअर म्हणाल तर उणेपुरे सहा वर्षं. १९५७ला अठराव्या वर्षी ‘लव्हिंग यू’, तोही एल्विससोबत, मंग १९६३पर्यंत एकूण १० पिक्चर, मधात न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवरचं नाटक ज्यासाठी टोनी अवॉर्डचं, म्हणजे तिथल्या नाटकांच्या मोठ्या बक्षिसाचं, नॉमिनेशन भेटलं, टीव्हीवर हिचकॉकची मालिका अन् ‘द व्हर्जिनियन’ही. अन् ऐन २४व्या वर्षी ठरलेलं लग्न मोडून ती कनेक्टिकटमधल्या बेथलेहेम गावच्या मठात गेली ते कायमची. आधीही ती तिथं जाऊन आली होती, नाटकाच्या दगदगीतून शांतता पाहिजे म्हणून. १९६१च्या ‘फ्रान्सिस ऑफ असिसी’त तिनं संत क्लेअरचं, म्हणजे घरदार सोडून नन झालेल्या बाईचं काम केलं, तेव्हा रोममध्ये पोप तेविसावे जॉन भेटले. मी क्लेअरचं काम करणारी नटी, असं तिनं सांगितलं तर ते म्हणाले, नाही, तू क्लेअरच आहेस. ही आठवण ती स्वतःच सांगते.

एवढी देखणी पोरगी अन् वाया गेली, असं तिच्याबद्दल कोणी म्हटलं की मला वर्ध्याजवळचं पवनार आठवते. विनोबांनी १९५९ला धाम नदीकाठी बायांसाठी ब्रह्मविद्या मंदिर काढलं, शेती, सैपाक, झाडलोट सगळं त्या स्वतःच करतात. लहानपणी आई अन् मावशीसोबत गेलो होतो. एक म्हाताऱ्या दीदी वसरीत बसून सुपात तुरीची डाळ निवडत होत्या, खडा सापडला की बाजूच्या वाटीत टाकायच्या, घाई नाही काही नाही. मावशी हळूच म्हणे, “बिचारी व माय, ना लेकरू ना बाळ.” आई तिथंच म्हणाली, “बिचारी कायची? आपल्या मनानं आली ते.”

डोलोरेसही आपल्या मनानंच गेली. अन् पिक्चरशी तिनं वैर धरलं नाही, ऑस्करला मत द्यायचा हक्क मठातूनही ठेवला, २०१२ला तिच्यावरची डॉक्युमेंटरी नॉमिनेट झाली तर ननच्याच कपड्यात सोहळ्याला गेली. मठात पुढं ती प्रायोरेस झाली, म्हणजे तिथल्या कारभाराची मोठी जबाबदारी.

हे सगळं परवा आईला सांगितलं, ती चुलीपाशी भाकरी थापत होती. तिनं एकच विचारलं, “अन् त्या पोराचं काय झालं मंग? ज्याच्यासंग लग्न ठरलं होतं?”

डॉन रॉबिन्सन त्याचं नाव. त्यानं शेवटपर्यंत लग्न केलं नाही, २०११ला वारला, तोपर्यंत दरवर्षी तिला भेटायला मठात जायचा.

आई थोडा वेळ काही बोलली नाही. भाकरी उलटवली. मंग म्हणे, “ते भेटे ना त्याले?”

“हो, दरवेळी.”

“मंग बरं.”