तुम्ही विचारलंत म्हणून: नाटकवाल्या बाईला टॉम हॉलंडचं एवढं काय?

"ताई, तुम्ही एरवी नाटकांबद्दल बोलता, मग मधेच हे टॉम हॉलंडचं काय खूळ घेतलंत?" हे मला वरचेवर विचारलं जातं (टॉम हॉलंड म्हणजे सिनेमात स्पायडरमॅन झालेला इंग्रज नट), म्हणून एकदाच काय ते सगळं लिहून टाकते. विचारणाऱ्यांत दोन पार्ट्या आहेत. एक खवचट, म्हणजे या वयात स्पायडरमॅन बघता होय वगैरे. दुसरी पार्टी आयांची, त्यांना मनापासून जाणून घ्यायचं असतं की हा पोरगा विशीत तिथवर पोचला कसा, कारण घरी एक चिरंजीव आहेत आणि त्यांना अ‍ॅक्टिंगची जाम आवड आहे. दोन्ही पार्ट्यांना माझं उत्तर एकच, की तो मुळात नाटकातला पोरगा आहे, सिनेमा नंतर मिळाला, आणि स्पायडरमॅनमध्ये तुम्हाला जे आवडतं ना त्यातलं निम्मंअधिक त्याने बारा ते चौदा या वयात लंडनच्या एका थिएटरात घाम गाळून कमावलंय.

ते थिएटर व्हिक्टोरिया पॅलेस आणि नाटक बिली एलियट द म्युझिकल. गोष्ट माहीत नसेल तर थोडक्यात सांगते: १९८४-८५ चा ब्रिटनमधला कोळसा खाणकामगारांचा संप, उत्तरेकडचं एक खाणीचं गाव, बाप आणि मोठा भाऊ दोघंही संपावर, आई वारलेली, आणि धाकट्याला बॉक्सिंगला पाठवलं तर तो पोरींच्या बॅलेच्या क्लासात जाऊन रमतो. संगीत एल्टन जॉनचं. प्रयोग जवळपास तीन तासांचा आणि बिली त्यात जवळजवळ सगळा वेळ स्टेजवर, म्हणजे बॅले, टॅप (बुटांनी ताल धरत करायचा नाच), कोलांट्या, गाणी आणि वर उत्तर इंग्लंडची बोली. एवढं काम एखाद्या मोठ्या नटाला सांगितलं तर तो आधी मानधनाचं बोलेल.

टॉमचा जन्म १ जून १९९६ चा, घर लंडनच्या नैऋत्येला किंग्स्टन अपॉन टेम्सला. विम्बल्डनमधल्या एका डान्स क्लासात हिपहॉप करायचा. क्लासच्या ग्रुपबरोबर रिचमंडच्या डान्स फेस्टिव्हलमध्ये नाचला आणि तिथे लिन पेज या कोरिओग्राफरच्या नजरेत भरला, ती बिली एलियटच्या कोरिओग्राफरबरोबर काम केलेली बाई. इथपर्यंत नशीब म्हणा हवं तर. पण पुढचं आयांनी नीट वाचा. बॅलेचा त्याला गंधही नव्हता, आणि ऑडिशनच्या आठ फेऱ्या नि ट्रेनिंग यात मिळून दोन वर्षं गेली, तेही रोल मिळेलच याची काहीही गॅरंटी नसताना. शाळा मुलांची. मधल्या सुट्टीत शाळेच्या जिममध्ये टाइट्स घालून एकट्याने बॅलेची प्रॅक्टिस करायची आणि बाहेर काचेला नाकं लावून बाकीची पोरं बघत उभी, हे त्याने स्वतः मुलाखतींत सांगितलंय. चिडवाचिडवी झाली, बराच त्रास झाला, तरी त्याने सोडलं नाही.

आणि एवढं करून २८ जून २००८ ला पहिल्यांदा स्टेजवर आला तो बिली म्हणून नाहीच, बिलीचा दोस्त मायकल म्हणून. बिली करायला ८ सप्टेंबर उजाडला. मग मे २०१० पर्यंत करत राहिला.

आता एक गोष्ट मला यात फार आवडते आणि ती कोणी सांगत नाही. बिली रोज एकच पोरगा करत नसे, एका वेळी तीन-चार बिली असायचे आणि ते आळीपाळीने प्रयोग करायचे. कारण तिकडे मुलाला स्टेजवर उभं करायचं तर स्थानिक कौन्सिलचं लायसन्स लागतं, बरोबर सांभाळणारं जबाबदार माणूस लागतं, अभ्यासाची सोय करावी लागते, किती वेळ काम करायचं याला मर्यादा असते. आपल्याकडेही नियम आहेत, दिवसाला पाच तासांच्या वर काम नको वगैरे, पण ते मालिकांच्या सेटवर कितपत दिसतात ते सेटवरच्यांनाच विचारा. असो, विषय तो नाही.

या नाटकाचं २०१४ मध्ये शूट केलेलं रेकॉर्डिंग मी बघितलंय. त्यात टॉम नाहीये, दुसरा मुलगा आहे, पण रोल काय ताकदीचा आहे ते कळतं. पहिल्या अंकाच्या शेवटी बाप बॅलेला नाही म्हणतो आणि पोरगं अक्षरशः पेटतं, टॅपचे बूट जमिनीवर आपटत नाचत सुटतं, समोर दंगल रोखणाऱ्या पोलिसांच्या ढाली येतात, त्यांच्यावर जाऊन आदळतं, मागे फेकलं जातं, पुन्हा जातं. एकही डायलॉग नाही. सगळा राग पायांत आणि खांद्यांत. आणि दुसऱ्या अंकात मोठेपणीच्या स्वतःबरोबर नाचताना तो तारेला लटकून उंच हवेत गिरक्या घेतो. आता सांगा, बाराव्या वर्षी ज्याने हे प्रयोगामागून प्रयोग केलंय त्याला पुढे दोरीला लटकून इमारतींमधून झोके घ्यायला कसली भीती? स्पायडरमॅनचं त्याचं ते अवघडलेलं, एका जागी न टिकणारं अंग बघा, तोंडावर मास्क असतानाही पोरगा घाबरलाय की खूष आहे ते कळतं. ही नाटकवाल्याची कमाई.

घरचं वातावरण म्हणाल तर वडील डॉमिनिक हॉलंड स्टँडअप कॉमेडियन, १९९३ ला एडिनबर्ग फेस्टिव्हलमध्ये नवोदितांसाठीचं पेरिए अवॉर्ड मिळवलेले, पण पुढे फार मोठं नाव काही झालं नाही, आणि मुलगा बघता बघता पुढे निघून गेला. त्यावर बापाने चक्क पुस्तक लिहिलं, नाव इक्लिप्स्ड, म्हणजे मुलाने मला कसं ग्रहण लावलं. मला हा बाप आवडतो. आई निकी फोटोग्राफर, पाठचे तीन भाऊ, त्यातले दोन जुळे. सातव्या वर्षी टॉमला डिस्लेक्सिया, म्हणजे वाचण्या-लिहिण्यातली अडचण, असल्याचं कळलं. म्हणजे गरिबीतून वर आला वगैरे स्टोरी नाहीये, खाऊनपिऊन सुखी घर. पण ब्रिटिश नटांमध्ये एडी रेडमेन आणि टॉम हिडलस्टन ईटनचे, बेनेडिक्ट कंबरबॅच हॅरोचा, असल्या महागड्या शाळांची जी रांग आहे त्यातला हा नव्हे. बिलीनंतर तो गेला क्रॉयडनच्या ब्रिट स्कूलला, आणि ती शाळा सरकारी पैशावर चालते, फी नाही. अडेल तिथलीच, एमी वाइनहाउसही काही काळ तिथे होती. परफॉर्मिंग आर्ट्सची फुकट शाळा, ज्या शहराला परवडते त्याचा मला हेवा वाटतो.

पहिला मोठा सिनेमा २०१२ चा द इम्पॉसिबल, २००४ च्या त्सुनामीत थायलंडमध्ये सापडलेल्या एका कुटुंबाची खरी गोष्ट. पाण्याचे सीन स्पेनमध्ये अलिकांतेला मोठ्या टाकीत शूट केले. तुम्ही टॉमचं एकच काम बघणार असाल तर हे बघा. लाट ओसरल्यावर आई पुढे चालतेय, मागून पोराला तिच्या पायाची जखम दिसते, मांस लोंबतंय, आणि तो तोंड फिरवतो. आईला असं बघवत नाही म्हणतो. पोर आहे ते, आधी किळस येते, भीती वाटते, मग जबाबदारी येते. नंतर हॉस्पिटलमध्ये तो अनोळखी लोकांच्या नातेवाइकांची नावं लिहून घेत वॉर्डावॉर्डांतून ओरडत पळतो, तिथे मी ढसाढसा रडले होते. ऑस्करचं नॉमिनेशन नेओमी वॉट्सला मिळालं, रीतसर मिळालं, पण सिनेमा पोराच्या खांद्यावर उभा आहे.

मधे काम नव्हतं तेव्हा आईने त्याला कार्डिफला सुतारकाम शिकायला धाडलं. हे वाचून मी निकीबाईंना मनातल्या मनात नमस्कार केला.

मग स्पायडरमॅन. महिनोन्‌महिने ऑडिशन्स, स्वतः घरी व्हिडिओ करून पाठवायचे, त्यात हा कोलांट्या मारून दाखवायचा. शेवटी आयर्न मॅन करणाऱ्या रॉबर्ट डाउनी ज्युनियरसमोर स्क्रीन टेस्ट. आणि निवड झाल्याचा फोन वगैरे आलाच नाही, जून २०१५ मध्ये मार्व्हलच्या इन्स्टाग्रामवर दिसलं की नवा स्पायडरमॅन कोण ते वेबसाइटवर बघा, याने बघितलं तर स्वतःचंच नाव, लॅपटॉप उडाला हातातून. घरभर आरडाओरडा. तर भाऊ शांतपणे म्हणतो, सोनी (स्पायडरमॅनचे सिनेमे काढणारी कंपनी) मधे हॅक झालं होतं ना, हेही तसलंच असेल. प्रत्येक घरात असा एक भाऊ असतोच.

रोलसाठी तो न्यूयॉर्कच्या ब्राँक्स हायस्कूल ऑफ सायन्समध्ये खोट्या नावाने, अमेरिकन उच्चार करत काही दिवस वर्गात जाऊन बसला. पुढचं तुम्हाला माहीतच आहे, २०१६ ला कॅप्टन अमेरिका: सिव्हिल वॉरमध्ये छोटी एन्ट्री, मग २०१७, २०१९, २०२१ असे स्पायडरमॅनचे तीन सिनेमे, आणि त्यातल्या शेवटच्या नो वे होमने तर जगभरात दीडशे कोटी डॉलरच्या कितीतरी वर धंदा केला. आपल्याकडे तो अमेरिकेच्या एक दिवस आधी, १६ डिसेंबर २०२१ ला लागला. सिनेमातली गुपितं पोटात राहत नाहीत म्हणून तो बदनाम होता ते वेगळंच, मुलाखतींत शेजारी कंबरबॅचला बसवून त्याच्यावर लक्ष ठेवायला लावायचे. २०१९ मध्ये स्पायडरमॅनवरून सोनी आणि डिस्नीचं (मार्व्हल डिस्नीचीच) फाटलं तेव्हा पठ्ठ्याने डिस्नीचे तेव्हाचे प्रमुख बॉब आयगर यांना ईमेल केला, मग त्यांचा फोन आला, आणि नंतर याने कबूल केलं की तेव्हा तो पबमध्ये होता आणि थोडी जास्तच झाली होती.

आता मला न आवडलेलं पण सांगते, नाहीतर म्हणाल ताई आंधळ्या झाल्यात. २०२१ चा चेरी बघा. व्यसनी माजी सैनिक, मग बँकलुटारू, सगळं आहे, टॉमने डोकं भादरलंय, जीव तोडून काम केलंय, पण ते जीव तोडणं दिसत राहतं, माणूस दिसत नाही. अनचार्टेड निव्वळ टाइमपास, आणि त्याबद्दल त्याने स्वतःच सांगितलं की शॉटमध्ये मी कूल दिसतोय का याच्याच विचारात होतो, पुन्हा असं करणार नाही. असं उघड बोलणारा स्टार दाखवा मला आपल्याकडचा. मोठेपणीची भूमिका त्याला अजून सापडायचीय असं माझं मत आहे. त्याचा चेहरा अजून पोराचा आहे आणि इंडस्ट्रीला तो पोराचाच हवाय.

दारूचंही विचारता तुम्ही. जानेवारी २०२२ ला त्याने महिनाभर सोडायची म्हणून सोडली, तर दिवसभर डोक्यात तोच विचार, त्याचीच त्याला भीती वाटली, म्हणून आणखी लांबवली, मग वाढदिवसापर्यंत, आणि मग कायमचीच. आता स्वतःचा बिनदारूच्या बिअरचा ब्रँड काढलाय, बेरो नावाचा. झेंडाया, म्हणजे स्पायडरमॅनमधली त्याची नायिका आणि खऱ्या आयुष्यातली जोडीदार, तिच्याबद्दल मी काही लिहिणार नाही, ते तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत असतं. फक्त २०२३ ला अंबानींच्या कल्चरल सेंटरच्या उद्घाटनाला दोघं मुंबईत आले होते तेव्हा माझ्या भाचीने बीकेसीला जाऊन उभं राहायचा हट्ट धरला होता, तो मी मोडून काढला. उन्हातान्हात काचा वर केलेल्या गाड्याच दिसल्या असत्या.

मला जास्त इंटरेस्ट आहे तो २०२४ च्या मे ते ऑगस्टमध्ये. जगातला कुठलाही सिनेमा मागून घेता येईल अशा वेळी तो वेस्ट एंडला, म्हणजे लंडनच्या मोठ्या थिएटरांच्या भागात, परतला, ड्यूक ऑफ यॉर्क्स थिएटरला रोमिओ अँड ज्युलिएट, दिग्दर्शक जेमी लॉइड. ज्युलिएट होती फ्रान्सेस्का अमेवुडा-रिव्हर्स, आणि ती कृष्णवर्णीय म्हणून तिच्यावर इंटरनेटवर इतकी घाण फेकली गेली की कंपनीला निवेदन काढावं लागलं, शेकडो कलाकारांनी तिच्या बाजूने सह्या केल्या. नाटक जवळजवळ रिकाम्या काळ्या स्टेजवर, माइकमध्ये हळू आवाजात बोललेलं, आणि मधेच कॅमेरा टॉमच्या मागे थेट थिएटरच्या छतावर जाऊन ते लाइव्ह दाखवलेलं. शेक्सपिअर असा करावा का यावर मी भांडू शकते. पण रोज रात्री, रीटेक नाही, समोर जिवंत माणसं, आणि त्यातली अर्धी स्पायडरमॅन बघायला आलेली, हे तो तीन महिने करत राहिला याला मार्क द्यायचे की नाही?

२०२५ मध्ये ग्लासगोच्या रस्त्यांवर पुढच्या स्पायडरमॅनचं शूटिंग झालं, दिग्दर्शक ख्रिस्तोफर नोलनच्या द ओडिसीत तो टेलेमॅकस (नायक ओडिसियसचा मुलगा), म्हणजे सिनेमांची काही कमी नाही. मला मात्र त्याचं पुढचं नाटक बघायचंय, तिशीतलं, चेहऱ्यावरचा पोरगा थोडा उतरल्यावरचं. रोमिओची तिकिटं दोनेक तासांत संपली होती म्हणे, त्यामुळे तिकडे राहणाऱ्या माझ्या एका मैत्रिणीला आत्तापासून सांगून ठेवलंय की कधी नाटक जाहीर झालं तर ऑफिसची मीटिंग गेली खड्ड्यात, आधी तिकीट काढ, विमानाच्या पैशांचं मी बघते.