टेप आहे का, टेप?

“एखादी तरी टेप असेलच ना हो तुमच्याकडे?” मी तरुणपणी दूरदर्शनच्या नाटकांत कामं करायची हे कळलं की सोसायटीतल्या मुली हमखास विचारतात. फोनवर माझं नाव घालून बघतात, आणि भलतीच कुणी डॉक्टरीणबाई निघते. तुम्ही विचारलंत म्हणून एकदाच सांगते : नाही. त्यातलं बरंचसं मीही पाहिलेलं नाही.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालं. पुढच्या वर्षी सिंहगडावर मनोरा उभा राहिला आणि पुण्यातल्या छपरांवर अँटेना उगवल्या, सगळ्यांची तोंडं गडाकडे. मी डेक्कन क्वीननं मुंबईला जायची, तिथून वरळीला, दूरदर्शनच्या स्टुडिओत.

भरत नाट्य मंदिरात, ‘पुरुषोत्तम’ या कॉलेजांच्या स्पर्धेतल्या एकांकिकांत घडलेली मी. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज गेलाच पाहिजे, हे हाडात मुरलेलं. स्टुडिओतल्या पहिल्याच तालमीत मी “आई, ते आले!” म्हटलं आणि हेडफोन लावलेल्या माणसानं तो काढून हातात धरला. डोक्यावर लांब काठीला माइक लोंबकळत असायचा. समोर तीन कॅमेरे. लाल दिवा ज्याच्यावर, तो चालू. त्याच्याकडे बघायचं नाही, पण तो कुठे आहे हे पाठीलासुद्धा कळायला हवं. सगळं कृष्णधवल, तरी पांढरंशुभ्र नेसायची बंदी, कारण ते कॅमेऱ्यात झळाळायचं. मग विधवा सासूबाई फिक्या पिवळ्या लुगड्यात वावरायच्या, पडद्यावर ते पांढरंच दिसे. बारीक चौकडाही नको, तो वळवळतो. आणि टेप कापून जोडणं जिकिरीचं, त्यामुळे कुणी चुकलं की प्रवेश पहिल्यापासून. आता माझ्या भूमिका म्हणजे मोलकरीण, नणंद, शेजारची मुलगी. चहाचा ट्रे घेऊन यायचं, तेही चौदाव्या मिनिटाला! तेरा मिनिटं बिनचूक गेलेली, आणि माझ्या हातात कपबश्या. कपबशी वाजू नये म्हणून मी बशीत रुमालाची घडी ठेवायची. नाटक म्हणजे काय ते मला त्या रुमालानं जास्त शिकवलं, असं अजून वाटतं.

टेपांची रिळं मोठी आणि महाग. त्या काळी एक कार्यक्रम झाला की त्याच रिळावर दुसरा, हे जगभरच चालायचं. बीबीसीनंसुद्धा स्वतःची कितीतरी जुनी नाटकं अशीच पुसली, तिथे मी कुठे रुसून बसू!

आमच्या वाड्यात टीव्ही एकाच बिऱ्हाडात. माझं नाटक लागलं त्या संध्याकाळी सगळा वाडा जमला. सासूबाई पुढे पाटावर. माझा प्रवेश जवळ आला आणि चित्र गरगरायला लागलं. दीर कौलांवर चढले, वरून “दिसतंय का?”, खालून “नाही!”, “आता?”, “मुंग्या!” चित्र ठरलं तेव्हा पडद्यावर रिकामा ट्रे होता. “चहा छान झाला असणार,” सासूबाई म्हणाल्या.

नंतरचं काय सांगायचं? मुलगी झाली, बँकेत लागले. १९८२ साली टीव्हीला रंग आले तेव्हा मी काउंटरवर होते.

एक सायक्लोस्टाइल केलेली संहिता मात्र जपलीय. समासात माझ्याच अक्षरात आहे : ‘ट्रे ठेव. कॅमेरा २. थांब. मग बघ.’ हवी तर दाखवते. पेन्सिल पुसट झालीय, दुपारी या, खिडकीपाशी वाचता येते.